आमचा रावण परत द्या

हल्ली कुणाला काहीही विचारा, उत्तर एकच: "घरबसल्या मिळतं की!" लोणचं घरबसल्या मिळतं, लग्नाची स्थळं घरबसल्या मिळतात, डॉक्टर घरबसल्या जीभ बघतो. बँकेत ज्या काउंटरमागे मी गेली बावीस वर्षं बसतो आहे, त्या काउंटरपुढची रांगसुद्धा आता घरबसल्या आपले व्यवहार उरकते आणि मी बँकबसल्या जांभया देतो. या 'घरबसल्या'विषयी माझी काही तक्रार नव्हती. बसणं हा तर माझा पेशाच आहे. पण एका जुन्या कार्टून पिक्चरपायी गेल्या काही वर्षांत मी घरबसल्या इतका हिंडलो, की तेवढ्यात पायी पंढरपूरला दोनदा जाऊन आलो असतो. तेव्हा आज मी जरा तावातावाने लिहिणार आहे. ताव बी. कॉम. झालेल्या माणसाचा आहे. मधूनमधून आकडे येतील, ते वाचकांनी सांभाळून घ्यावेत.

प्रथम फिर्यादीतल्या मालाचं वर्णन.

युगो साको नावाचे एक जपानी गृहस्थ १९८३ साली भारतात आले. आले होते ते उत्खननावर माहितीपट करायला. तेव्हाच्या अलाहाबादजवळ डॉ. बी. बी. लाल रामायणाशी नातं सांगणाऱ्या जागा खणत होते. साकोसाहेब माती बघायला आले आणि रामायण घेऊन गेले. त्यांच्या मनाने घेतलं, की रामाचं काम कुणा हाडामांसाच्या नटाला पेलणार नाही, ते चित्रांतूनच व्हायला हवं. मग जपानी आणि भारतीय मंडळी एकत्र बसली. दिग्दर्शनात जपानचे कोइची सासाकी आणि आपले राम मोहन जोडीला आले, संगीत वनराज भाटियांनी दिलं, आणि सव्वादोन तासांचं, हाताने काढलेलं रामायण उभं राहिलं. १९९३ च्या जानेवारीत ते भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात दाखवलं गेलं. नाव 'रामायण : द लेजंड ऑफ प्रिन्स रामा'. हिंदी अवतारात रामाचा आवाज अरुण गोविल यांचा. निवेदन शत्रुघ्न सिन्हा यांचं. (मूळ रामायणात शत्रुघ्नाला कुणी फारसं बोलू दिलेलं नाही, त्याची भरपाई इथे झाली.) आणि रावणाचा आवाज अमरीश पुरी यांचा.

या अमरीश पुरींपाशी जरा थांबतो, कारण ते आमच्यातले. सिनेमात नाव होईपर्यंत हे गृहस्थ कर्मचारी राज्य विमा महामंडळात नोकरी करत होते; म्हणजे फायलीतलेच. दिवेकरांची ऊर्मिला त्यांना त्याच नोकरीत भेटली, म्हणजे महाराष्ट्राचे जावईही. दिवसभर "पुढील कार्यवाहीस्तव सादर" असं लिहिणाऱ्या माणसाच्या पोटात संध्याकाळपर्यंत जो आवाज साचतो, तो बाहेर काढायला रावणासारखी दहा तोंडंच हवीत. मला हे अनुभवाने ठाऊक आहे. फरक इतकाच, की मला अजून कुणी रावणासाठी बोलावलेलं नाही.

हा पिक्चर थिएटरातून आमच्यापर्यंत तेव्हा आलाच नाही. आमचं सारोळे पुणे-सातारा रस्त्यावर, नीरेच्या पुलाच्या अलीकडे. गाव हमरस्त्यावर असण्याचा एक तोटा असतो: सगळं गावावरून जातं, गावात काही थांबत नाही. कंटेनर जातात, मंत्री जातात, महाबळेश्वरला निघालेली नवी जोडपी जातात. आम्ही बघतो. तसे पिक्चरही परस्पर गेले. पुढे कार्टून नेटवर्कने हे रामायण टीव्हीवर लावलं तेव्हा माझ्या पुण्याच्या मामाने ते व्हीसीआरवर टेप करून ठेवलं. मामा काटकसरी. नवी कॅसेट न आणता त्याने आपल्या मुलाच्या मुंजीच्या कॅसेटवरच रामायण टेप केलं, जाहिरातींसकट. त्यामुळे रावणवध आटपून राम अयोध्येला पोचतो न पोचतो, तोच पडद्यावर एक तुळतुळीत बटू झोळी घेऊन भिक्षा मागत उभा राही. रामायण असंच संपतं, अशी आमच्या आळीतल्या पोरांची बरीच वर्षं समजूत होती. पुढे मामाने घरात सीडीवालं यंत्र आणलं आणि जुना व्हीसीआर व कॅसेट आमच्याकडे रवाना केली. कॅसेटच्या पाठीवर त्याच्या अक्षरात चिठ्ठी होती: 'रामायण (जपानी). पुसू नये.'

आमचे वडील, अण्णा, जिल्हा परिषदेच्या शाळेत मास्तर. आयुष्यभर पोरांना पाढे आणि पोरांच्या बापांना अक्कल शिकवलेला माणूस. "रामाचं कार्टून? उद्या पसायदानाचं काय कराल?" म्हणून ते टीव्हीकडे पाठ करून पेपर वाचत बसले. रावण पहिल्यांदा बोलला तेव्हा पेपर खाली आला. दुसऱ्यांदा बोलला तेव्हा खुर्ची फिरली.

"कोण रे हा?"

"अमरीश पुरी, अण्णा."

"याला आमच्या शाळेवर नेमायला हवा होता. पट वाढला नसता, पण वर्ग गप्प बसला असता."

त्या दिवसापासून अण्णांनी रावण उचलला. धाकट्या बहिणीला परीक्षेच्या दिवसांत पहाटे उठवायचं तर रावणाच्या आवाजात. दूध उतू गेलं तर रावण. वीजबिल आलं तर दोन रावण. मामा वर्षातून एकदा आला, की दोघं ती कॅसेट लावून बसायचे आणि चहा थंड करायचे.

कॅसेटचं पुढे व्हायचं ते झालं. आमच्याकडचा पावसाळा भल्याभल्यांना बुरशी आणतो, तिथे ती टेप काय टिकणार! व्हीसीआरचं हेड गेलं, दुरुस्त करणारा माणूस मोबाईलची कव्हरं विकू लागला, मामा वारला. कॅसेट मात्र सौ.ने कपाटात जपून ठेवली. तिच्यावर 'पुसू नये' लिहिलेलं होतं, 'फेकावी' असं कुठेही लिहिलेलं नव्हतं.

आता २०२० सालात येऊ. सगळा देश दारं लावून घरात बसला आणि २८ मार्चपासून दूरदर्शनने रामानंद सागरांचं रामायण पुन्हा लावलं. तोवर अण्णांची नजर काचबिंदूने जवळजवळ गेली होती. ते टीव्ही बघत नसत, ऐकत असत. सेटच्या बाजूला कान लावून बसायचे. तिसऱ्या-चौथ्या दिवशी राम बोलला आणि अण्णांनी मान वर केली.

"अरे, हा त्या जपान्यातलाच राम!"

खरंच होतं. गोविल दोन्हीकडे रामच. डोळे गेलेल्या माणसाने आवाजावरून माणूस धरला होता.

"मग तो रावणही असेल की कुठे. ते रामायण लाव बघू. सव्वादोन तासांत आटपतं, यांच्यासारखं नाही. इथे कैकेयी कोपभवनात गेली की मी जेवून, झोपून, उठून येतो तरी तिथेच."

आमचे चिरंजीव तेव्हा सहावीत. मोबाईल हातात घेऊन म्हणाले, "आजोबा, दोन मिनिटांत लावतो."

त्या दोन मिनिटांना पावणेपाच वर्षं लागली.

पहिल्या मिनिटात चिरंजीवांनी रामायण या नावाचे इतके नमुने काढून दाखवले, की वाल्मीकींना वाटलं असतं, आपण उगाच एकटेच खपलो. एकात राम व्यायामशाळेतून थेट वनवासाला निघाला होता. एकात हनुमान शाळेच्या गणवेशात होता. जपानी रामायण मात्र नाही. दुसऱ्या मिनिटात एका कंपनीच्या यादीत ते सापडलं. चित्र दिसलं, नाव दिसलं, खाली बटणही दिसलं. ते दाबल्यावर अक्षरं उमटली, की हा चित्रपट आपल्या प्रदेशात उपलब्ध नाही.

आपला प्रदेश म्हणजे कोणता? सारोळे, तालुका भोर, जिल्हा पुणे. लॉकडाऊन उठल्यावर मी एका रविवारी चिरंजीवांना स्कूटरवर मागे बसवलं, नीरेचा पूल ओलांडला आणि शिरवळात जाऊन तेच बटण पुन्हा दाबलं. जिल्हा बदलला होता, तालुका बदलला होता, पण प्रदेश बदलला नव्हता. "अहो, तिथे काय वेगळं मिळणार होतं?" असं सौ. म्हणाली. बरोबर आहे तिचं. पण सरकारी कामात हद्द बदलली की पुष्कळदा काम होतं, हा माझा अनुभव होता. आणि मला सांगा, अयोध्येच्या राजपुत्राची गोष्ट, आपल्याच लोकांनी निम्मी मेहनत केलेली, आपल्याच हिंदीत बोललेली; ती आपल्या प्रदेशात उपलब्ध नाही, तर कोणाच्या प्रदेशात असायला हवी? आइसलंडच्या?

मग मी वर्गण्या भरू लागलो. एका कंपनीची वर्गणी, दुसरीची, तिसरीची. प्रत्येक ठिकाणी शोधायचं, मिळायचं नाही, आणि खाली यंत्र नम्रपणे सुचवायचं: 'तुम्हाला हेही आवडेल.' मी रामायण मागितलं, तर वनवासाशी काहीतरी साम्य बघून त्याने मला जंगलात माणसं खाणाऱ्या अस्वलाचा पिक्चर सुचवला. गणपतीची वर्गणी दिली तर निदान खोबऱ्याचा तुकडा तरी हातावर पडतो.

शेवटी बँकेतल्या एका तरुण अधिकाऱ्याने माझी दया येऊन कानात सांगितलं, "सर, असं सरळ मार्गाने नसतं मिळत." आणि वाममार्गाची एक लिंक दिली. वाचकहो, मी रोज लोकांकडून आधार, पॅन, दोन फोटो आणि तिन्ही ठिकाणी सारखी सही घेणारा माणूस. पण अण्णांसाठी ते पापही केलं. लिंकवर पिक्चर होता. त्यात रावण अस्खलित इंग्रजी बोलत होता. अण्णांनी अर्धं वाक्य ऐकलं आणि म्हणाले, "हा आपल्या बँकेचा झोनल मॅनेजर काय?" दुसरी लिंक हिंदी होती, कुणी तरी टीव्हीसमोर कॅमेरा धरून उतरवलेली. पंख्याचा घरघराट, मधेच कुकरच्या शिट्ट्या आणि त्याखाली कुठेतरी तो आवाज. अण्णा सरसावून बसले. पण पाच तुकड्यांपैकी तिसरा गायब. सेतू बांधायच्या आधीच वानरं लंकेत. "राहू दे," अण्णा म्हणाले, "उद्या पुन्हा सुरुवातीपासून ऐकू." उद्या ती लिंक उघडली, तर मालकाच्या तक्रारीवरून काढून टाकल्याची पाटी.

आणि इथेच माझं डोकं फिरलं. म्हणजे मालक आहे! झोपलेला नाही, जागा आहे. मी तीन वर्षं दारावर टकटक करतोय, पैसे हातात घेऊन उभा आहे, तेव्हा घरात कुणी नाही. आणि शेजारच्या खिडकीतून डोकावलो, की लगेच "कोण आहे रे तिकडे!"

मी वाणिज्य शाखेचा आहे, कलेतलं मला कळत नाही. पण मामाचा हिशेब मला कळतो. मामाने पन्नास-साठ रुपयांची कॅसेट घेतली, ती त्याची झाली. तिच्यावर त्याने मुंज टेप केली, मुंजीवर रावण टेप केला. बटूची संमती घेतली नाही, हे मान्य. ताळेबंदात ती त्याची मालमत्ता होती. घसारा लागला, बुरशी आली, पण आपल्या हाताने आली. मी गेल्या पाच वर्षांत वर्गण्यांपोटी काही हजार रुपये भरले. माझ्या ताळेबंदात मालमत्तेच्या बाजूला शून्य आहे. मी भाडेकरू आहे, आणि तोही अशा घराचा, की जिथे मालक रात्रीतून येऊन खोल्या काढून नेतो. काल होता तो पिक्चर आज नसतो, करार संपला म्हणतात. कोणाचा कोणाशी करार? भाडं तर मी भरतोय! बँकेने उद्या लॉकरचं भाडं घेऊन सांगितलं, की तुमचा लॉकर आहे, फक्त त्यातला हार आमच्या करारात या महिन्यापासून बसत नाही, तर लोक काउंटरची काच ठेवतील का?

"एवढं काय त्यात, एक कार्टून तर आहे," असं काही जण म्हणतील. आमचे चिरंजीवही दहावीत गेल्यापासून असं म्हणू लागले. त्यांना माझं एवढंच सांगणं, की या 'एवढं काय त्यात'ने आपल्याकडे आधीच पुष्कळ नेलं आहे. दादासाहेब फाळक्यांनी १९१५ साली 'आगकाड्यांची मौज' काढली. काडेपेटीतल्या काड्या पडद्यावर आपोआप नाचवल्या. ती मौज आज पाहायला मिळत नाही. पुण्यात 'प्रभात'ने १९३४ साली 'जंबू काका' नावाचं कार्टून काढलं. प्रभातचा तुतारीवाला आळीत सगळ्यांना ठाऊक आहे, जंबू काका विचारले तर लोक कुणाच्या तरी चुलत्याची चौकशी समजतात. ज्या आवारात प्रभातचा स्टुडिओ होता तिथे आता फिल्म इन्स्टिट्यूट आहे, आणि २००३ च्या जानेवारीत तिथल्या जुन्या नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागून पुष्कळ रिळं गेली. आगीत गेलं त्याचं समजू शकतो. ती फिल्मच मुळात भडका उडणारी. पण आमचं रामायण जळलं नव्हतं. ते शाबूत होतं, कुठे तरी नीट थंड खोलीत होतं, आणि तरीही नव्हतं. जळलेल्याचा पंचनामा तरी होतो. याचा कशाखाली करायचा?

आणि अशात २०२५ उजाडलं. बातमी आली, की जपानी रामायण नवं कोरं होऊन, फोर-के का काय म्हणतात तसं, २४ जानेवारीला थिएटरात येतंय. हिंदीतही. २५ तारखेला चौथा शनिवार, बँकेला सुट्टी. शेजाऱ्यांची गाडी मागून घेतली, अण्णांना इस्त्रीचं धोतर नेसवलं आणि पुण्याला निघालो. अण्णा रस्ताभर बोलत होते. नसरापूर आलं का, खेड शिवापूर आलं का, आणि मामा असता तर त्याला कसं घेऊन गेलो असतो.

जे चांगलं ते चांगलंच म्हणतो. ज्यांनी हा पिक्चर पुन्हा आणला त्यांचे आपल्यावर उपकार आहेत. चित्रं अशी दिसत होती, की आमच्या बुरशीआडून आम्ही निम्मं रामायण पाहिलंच नव्हतं हे त्या दिवशी कळलं. सौ. तर लंकेच्या वाड्यांकडे बघून दोनदा "अगं बाई" म्हणाली, जे तिने आमच्या लग्नातही म्हटलं नव्हतं. चिरंजीव मोबाईल विसरले होते.

मग रावण बोलला.

अण्णांनी माझा हात धरला. "कोण बोलतोय हा?"

"रावण, अण्णा."

"हा रावण नव्हे."

हिंदी नव्याने डब केलेलं होतं. सगळे आवाज नवे. ज्याने रावणाचं काम केलं त्याचा बिचाऱ्याचा काही दोष नाही. त्याने आपलं काम चोख केलं होतं. पण अण्णांपुढे पडदा नव्हता. त्यांच्यासाठी पिक्चर म्हणजे तेवढा आवाजच होता. तो काढून त्या जागी दुसरा बसवला होता, आणि पहिला मागायला जायला माणूस उरला नव्हता. अमरीश पुरी १२ जानेवारी २००५ ला गेले. पुढे २०१२ मध्ये साकोसाहेब गेले, २०१९ मध्ये राम मोहन गेले, २०२१ मध्ये वनराज भाटिया. त्यांना पुन्हा बोलावून टेप करून घेता येत नाही. जे आहे ते त्या जुन्या हिंदी आवाजाच्या पट्टीवर आहे, आणि ती पट्टी कुणाच्या तरी कपाटात आहे.

परतताना अण्णा गप्प होते. कात्रजचा बोगदा गेल्यावर म्हणाले, "चित्रं चांगली होती का रे?"

"फार सुंदर होती, अण्णा."

"मग झालं तर."

झालं कसं? मला हे झालं असं मान्य नाही. मी जेवढा वेळ एका पिक्चरसाठी घालवला, तेवढ्या वेळात कायदाही थोडा चाळला आहे. आपला कॉपीराइटचा कायदा १९५७ चा. त्याच्या हिशेबाने सिनेमाचा हक्क, तो प्रसिद्ध झाला त्याच्या पुढच्या वर्षापासून साठ वर्षं चालतो. म्हणजे १९९३ चा हा रावण २०५३ साल संपेपर्यंत मालकाच्या ताब्यात. तेव्हा मी सत्तरी ओलांडलेली असेल आणि अण्णांना एकशे पाचवं लागलेलं असेल. त्याच कायद्यात असंही एक कलम आहे, की मालक एखादी गोष्ट अडवून बसला आणि लोकांना ती मिळेनाशी झाली, तर अर्ज करून सक्तीचा परवाना मागता येतो. कलम उत्तम आहे. फक्त त्यासाठी कोर्टाची पायरी चढायची, वकील लावायचा, तारखा घ्यायच्या. एका म्हाताऱ्याला सव्वादोन तास रावण ऐकवण्यासाठी! रामालासुद्धा रावण शोधायला एवढं पडलं नव्हतं. त्याला जटायूने निदान दिशा सांगितली होती.

याहून सोपा मार्ग आमच्या बँकेत आहे, आणि तो मी फुकट देतो. एखाद्या खात्यात दोन वर्षं खातेदाराने काही व्यवहार केला नाही, तर ते निष्क्रिय होतं. दहा वर्षं कुणी विचारलं नाही, तर ती रक्कम बँकेला स्वतःकडे ठेवता येत नाही. ती रिझर्व्ह बँकेने २०१४ साली काढलेल्या एका निधीत जाते. बँकेने अशा ठेवींची यादी जाहीर करायची असते. २०२३ मध्ये तर 'उद्गम' नावाचं पोर्टलच झालं. आपल्या आजोबांची विसरलेली ठेव कुठल्या बँकेत आहे ते आता तिथे शोधता येतं. आणि मुख्य गंमत अशी, की मालकी कुठेही जात नाही. उद्या मालक किंवा त्याचा वारस कागद घेऊन आला, की पैसे परत. मग हाच न्याय पिक्चरला लावायला कोणाचं पोट दुखतं? दहा वर्षं जो पिक्चर मालकाने ना थिएटरात लावला, ना कॅसेटवर काढला, ना घरबसल्या पुरवला, त्याची एक प्रत सरकारी निधीत जमा. आपल्या पुण्यात १९६४ सालापासून चित्रपटांचं राष्ट्रीय संग्रहालय आहे, सारोळ्यापासून पंचेचाळीस-पन्नास किलोमीटरवर. ठेवायचं काम तिथली माणसं जाणतात. त्यांना म्हणावं, नुसतं ठेवू नका, मागेल त्याला माफक पैसे घेऊन घरी पाठवा. पैसे मालकाच्या खात्यात जमा करा. मालकाने हक्क सांगितला, की त्याचा माल त्याला परत. यात मालकाचं नुकसान कुठे आहे? आज त्याला माझ्याकडून शून्य मिळतंय. उद्या शंभर रुपये मिळतील. दहावीत नापास झालेल्यालाही ही वजाबाकी जमेल.

"पण मालकाची मर्जी!" असं आमच्या शाखेतले एक कायदेपंडित म्हणतात. मर्जी मान्य. स्वतःच्या आंब्याचे आंबे कुणाला द्यायचे ही मालकाची मर्जी. पण आंबे झाडावर कुजवायचे आणि पोराने दगड मारला की पोलिसात जायचं, या मर्जीला गावात वेगळा शब्द आहे. तो इथे छापता येणार नाही. शिवाय जपून कोणी ठेवलं, हेही एकदा बघा. मालकाने अडवलेला रावण आमच्यापर्यंत थोडाफार पोचला तो काटकसरी मामामुळे, टीव्हीसमोर कॅमेरा धरणाऱ्या कुणा अनोळखी माणसामुळे आणि त्याच्या घरच्या कुकरमुळे. कायद्याच्या भाषेत हे सगळे चोर. माझ्या मते त्यांना निवृत्तिवेतन द्यायला हवं.

आणि जुना पिक्चर नवा करून आणता तेव्हा एवढं तरी करा, की जुना आवाजही शेजारी ठेवा. आमच्या बँकेचं साधं एटीएम पैसे देण्याआधी विचारतं, मराठी, हिंदी की इंग्रजी? तसं तुमच्या यंत्राने विचारावं: कोणता रावण हवा? जुना की नवा? मुलं नवा घेतील, अण्णा जुना घेतील, दोघांचे पैसे तुमच्याच गल्ल्यात. शेरखानाला नाना पाटेकरांचा आवाज ऐकत वाढलेल्या आमच्या पिढीला 'मोगली' उद्या दुसऱ्या गोड आवाजात दाखवा. वाघ भाजी खाताना दिसेल.

हे सगळं मी मागच्या रविवारी घरात मोठ्याने वाचून दाखवलं. सौ. म्हणाली, "लिहा हो, पण बी.पी.ची गोळी घेऊन लिहा." अण्णा मात्र खुर्चीत सरसावले. वय पंच्याहत्तरीच्या पुढे, डोळ्यांपुढे अंधार, आणि एकदम त्यांनी तो आवाज काढला. पूर्वीचा जोर नव्हता. मध्ये दम लागला, खोकला आला. पण शेजारच्यांचं कुत्रं उठून फाटकाबाहेर गेलं.

चिरंजीव धावत मोबाईल घेऊन आले. "आजोबा, थांबा थांबा, पुन्हा म्हणा. रेकॉर्ड करतो." बटण दाबलं, तर मोबाईल म्हणाला, जागा शिल्लक नाही, काहीतरी पुसा. चिरंजीवांनी क्षणभर विचार केला आणि क्रिकेटचा एक गेम काढून टाकला; ज्याच्यासाठी मागच्या महिन्यात घरात दोन दिवस अबोला होता, तो. अण्णांनी पाणी पिऊन घसा साफ केला आणि सबंध दरबार हाकला, मंदोदरीसकट.

"काय नाव देऊ याला, आजोबा?"

अण्णा म्हणाले, "काहीही दे. खाली लिही, पुसू नये."